झाकल्या पुस्तकाचा अभ्यास

(आपल्या ज्ञातिमंडळाच्या वार्षिक मेळाव्यात, विद्यार्थी-गुणगौरवप्रसंगी चोपडा येथे केलेले भाषण)



आजच्या मंगल प्रसंगी दोन शब्द बोलण्याची आज्ञा मंडळाने आम्हांस केली, याबद्दल आम्ही मंडळाचे ऋणी आहोत. गुणवंतांच्या कौतुकाच्या वेळी वक्त्याने शिक्षणाचे महत्त्व सांगावे, थोरामोठ्यांची उदाहरणे द्यावीत आणि आशीर्वाद देऊन खाली बसावे, अशी रूढी आहे. ती मोडण्याचा आमचा हेतू नाही. आशीर्वाद आम्ही शेवटी देणारच आहोत. परंतु तत्पूर्वी एका अगदी लहान, कदाचित आपणांस क्षुल्लक वाटेल अशा विषयाकडे आपले लक्ष वेधण्याची अनुज्ञा असावी. तो विषय म्हणजे माध्यमिक शाळेतील जीवशास्त्र स्वाध्याय सोडवून कसे शिकावे, हा होय.

आम्ही कोणी जीवशास्त्राचे पंडित नव्हे. १९७४ साली आम्ही जुनी अकरावी, म्हणजे मॅट्रिक, उत्तीर्ण झालो, पुढे अध्यापनाची पदविका घेतली आणि ३८ वर्षे याच तालुक्यातील शाळांतून सातवीपर्यंतच्या वर्गांस शिकविले. आमचा अधिकार एवढाच. तथापि आज जे सांगावयाचे आहे ते अधिकाराने नव्हे, तर एका चुकीची कबुली म्हणून सांगावयाचे आहे. आणि चुकीच्या कबुलीस पदवी लागत नाही.

ती चूक अशी. धडा शिकवून झाला की आम्ही त्याखालील स्वाध्यायाची सर्व उत्तरे सुवाच्य अक्षरांत फळ्यावर लिहून देत असू. मुले ती वहीत उतरवीत, आम्ही लाल शाईने बरोबरच्या खुणा करीत असू, पालक वही पाहून प्रसन्न होत आणि साहेबांची तपासणीही निर्विघ्न पार पडे. या सर्व सोहळ्यात मुलास एकदाही विचार करावा लागत नसे! प्रश्न मुलास विचारलेला होता, पण उत्तर आम्हीच देत होतो. आमच्या वर्गाचा निकाल उत्तम लागे. त्यातील किती मुले पुढे दहावीच्या विज्ञानात अडखळली, याची चौकशी मात्र आम्ही कधी केली नाही.

दोन वर्षांपूर्वी, दिवाळीच्या सुटीत, आपल्याच समाजातील एक बंधू आपल्या कन्येस घेऊन आमच्याकडे आले. हे बंधू आमचे जुने विद्यार्थी. मुलगी दहावीत होती, आणि प्रथम सत्र परीक्षेत विज्ञान भाग २, ज्यात मुख्यत्वे जीवशास्त्र असते, त्यात तिला ४० पैकी ९ गुण मिळाले होते. "गुरुजी, पोरगी रात्री अकरा-अकरापर्यंत वाचते. वही पाहा, एक प्रश्न सोडलेला नाही," असे ते म्हणाले. वही खरोखरच देखणी होती. शीर्षके निळ्या शाईने, उत्तरे काळ्या शाईने, आकृत्या मोजपट्टीने आखलेल्या. आम्ही वही मिटून ठेवली आणि मुलीस एवढेच म्हटले, "बाळ, फुलाचे चार भाग सांग." ती म्हणाली, "सांगते, गुरुजी. जरा वही पाहू का?"

तेवढ्यात तिचे वडील हसून म्हणाले, "आमचेही असेच होते, गुरुजी. तुम्ही फळ्यावर लिहून द्यायचे तोवर पास होत गेलो. पुढे लिहून देणारे कोणी नव्हते, तर दहावीच्या विज्ञानात दोनदा राहिलो आणि शेती धरली." त्यांच्या बोलण्यात तक्रार नव्हती. पण आम्हांस त्या रात्री झोप लागली नाही. बापाची वही आणि लेकीची वही, मध्ये ३० वर्षांहून अधिक काळ गेला, आणि वही तीच होती.

त्या दिवसापासून मार्चपर्यंत ती मुलगी आठवड्यातून तीन सायंकाळी आमच्या ओसरीवर येत असे. तिच्याबरोबर आम्हीही नव्याने शिकलो. त्या चार महिन्यांत जे हाती लागले तेच आज आपल्यापुढे ठेवीत आहोत.

पहिली गोष्ट ही की, वाचणे आणि येणे यांत मोठे अंतर आहे. धडा तिसऱ्यांदा वाचताना प्रत्येक ओळ ओळखीची वाटते, आणि ओळख पटली म्हणजे ज्ञान झाले असा मनाचा समज होतो. बाजारात तोंडओळखीचा मनुष्य भेटतो, आपण नमस्कारही करतो, पण नाव काही केल्या आठवत नाही. तसलाच हा प्रकार. परीक्षेत ओळखावयाचे नसते, आठवावयाचे असते. यास्तव अभ्यासातही आठवण्याचाच सराव हवा. आपल्या पूर्वजांस हे ठाऊक होते. तिन्हीसांजेस देवापुढे दिवा लागला की मुले परवचा म्हणत. त्यात पाढे असत, आणि पाढ्यांची वही समोर नसे. आपण ज्यास उजळणी म्हणतो, तो शब्दच पाहा. तांब्याचे भांडे चिंच लावून घासल्याने उजळते. रोज पाटावर मांडून नुसते पाहिल्याने उजळत नाही.

आमच्या एका पुतण्याने याविषयी एका प्रयोगाचा वृत्तांत आम्हांस वाचून दाखविला, तो उद्बोधक आहे. अमेरिकेतील सेंट लुईस येथील वॉशिंग्टन विद्यापीठात रोडिगर व कार्पिक या दोन मानसशास्त्रज्ञांनी २००६ साली तो प्रसिद्ध केला. विद्यार्थ्यांच्या एका गटाने एक उतारा चार बैठकांत पुनःपुन्हा वाचला. दुसऱ्या गटाने तो एकाच बैठकीत वाचला आणि उरलेल्या तीन बैठकांत कोऱ्या कागदावर आठवून लिहिला. पाच मिनिटांनी परीक्षा घेतली तेव्हा वाचणारे पुढे होते. त्यांस शेकडा ८३ भाग आठवला, लिहिणाऱ्यांस ७१. परंतु एका आठवड्याने परीक्षा घेतली तेव्हा वाचणाऱ्यांपाशी शेकडा ४० भाग उरला होता आणि लिहिणाऱ्यांपाशी ६१! आणि नवल असे की, आपणांस अधिक आठवेल असा भरवसा वाचणाऱ्यांसच अधिक होता. आमची ती देखणी वही आम्हांस फसवीत होती, ती याच मार्गाने.

आता जीवशास्त्राविषयी. हा पाठांतराचा विषय आहे असा एक समज पालकांत रूढ आहे. गणितात उदाहरणे सोडवावी लागतात, जीवशास्त्र वाचून होते, असे आपण सहज म्हणून जातो. वास्तविक २०१८ साली बालभारतीने दहावीचे जे पुस्तक काढले, त्यातील प्रत्येक धड्याच्या शेवटी स्वाध्याय दिलेला आहे. रिकाम्या जागा आहेत, जोड्या आहेत, फरक आहेत, शास्त्रीय कारणे आहेत, आकृत्या आहेत. हा स्वाध्याय म्हणजे धड्याची शेपटी नव्हे. तेथेच खरा अभ्यास सुरू होतो.

आम्ही जी रीत ठरविली ती अशी. धडा प्रथम एकदा सावकाश, समजून घेत वाचावा. न कळलेले विचारून घ्यावे, कारण न समजलेल्या गोष्टीचा सराव म्हणजे केवळ घोकंपट्टी. मग पुस्तक झाकावे आणि स्वाध्यायाची उत्तरे कच्च्या कागदावर, स्वतःच्या शब्दांत लिहावीत. आठवत नसेल तर निदान दोन मिनिटे आठवण्याची खटपट करावी. त्या खटपटीतच गुण आहे. मग पुस्तक उघडून लगेच ताडून पाहावे. हे ताडून पाहणे विसरू नये, अन्यथा चूकच पक्की होऊन बसते. जे चुकले ते एका वेगळ्या वहीत उतरवावे. तेच प्रश्न तिसऱ्या दिवशी, आठव्या दिवशी आणि पुन्हा महिन्याने सोडवावेत. आमच्या त्या विद्यार्थिनीची चुकांची वही प्रथम भराभर भरत गेली आणि फेब्रुवारीत तीत नवे पान लागेनासे झाले. ती वही मुळीच देखणी नव्हती.

आकृत्यांचेही तेच. पेशी विभाजनाच्या पूर्वावस्था, मध्यावस्था, पश्चावस्था आणि अंत्यावस्था या चार आकृत्या पुस्तकात पाहून कोणीही काढील. तो चित्रकलेचा तास झाला. त्या मिटल्या पुस्तकावर काढावयाच्या, नावे द्यावयाची, आणि प्रत्येक अवस्थेत गुणसूत्रे काय करतात ते एका वाक्यात सांगावयाचे. पाटी-खडू घेऊन बसले तर दहा मिनिटांत चारदा काढून होते आणि कागदही वाया जात नाही.

परंतु खरा आनंद पुढेच आहे. पुस्तकातील प्रश्न येऊ लागले की आपल्या शिवारातील प्रश्न विचारावेत. आपण केळीच्या मुलखात राहतो. आम्ही मुलीस विचारले, "तुमच्या बागेत केळीचे खोड कोठे असते?" ती म्हणाली, हे काय, समोर उभे आहे ते. मग तिच्या वडिलांनी एक झाड आडवे चिरून दाखविले. आत पानांचे देठ एकावर एक गुंडाळलेले. खोड कोठेच नाही. खरे खोड जमिनीखालचा कंद, आणि त्यावरील डोळ्यांतून मुनवे फुटतात. मग पुढचा प्रश्न: मुनव्यापासून केलेल्या पिलबागेतील झाड मूळ झाडासारखेच का निपजते? कारण तेथे दोन जनकांची गुणसूत्रे एकत्र येत नाहीत. केवळ सूत्री विभाजनाने त्याच पेशींच्या प्रती निघतात. यास शाखीय प्रजनन म्हणतात. हे उत्तर तिने धड्यातील बटाट्याच्या उदाहरणावरून स्वतः जुळविले.

त्याहून कठीण प्रश्न: केळात बी का नाही? आपल्या खाण्याच्या केळीच्या पेशीत ११ गुणसूत्रांचे तीन संच, म्हणजे ३३ गुणसूत्रे असतात. युग्मके तयार होताना गुणसूत्रांच्या जोड्या लागून ती निम्मी-निम्मी व्हावी लागतात. तीन संचांच्या जोड्या नीट लागतील कशा? म्हणून बीज धरत नाही, आणि केळाच्या गरात दिसणारे काळे बारीक ठिपके तेवढे अविकसित बीजांडांची खूण म्हणून राहतात. आणि शेवटचा प्रश्न: एकाच जातीच्या बागेत रोग शिरला तर सगळी बाग एकदम का धोक्यात येते? कारण सर्व झाडे एकमेकांच्या प्रतीच. एकास जी प्रतिकारशक्ती नाही ती दुसऱ्यासही नाही. ग्रोस मिशेल नावाची केळीची जात एके काळी जगाच्या व्यापारावर राज्य करीत होती. जमिनीतील बुरशीने होणाऱ्या पनामा रोगापुढे ती १९५० ते १९६० च्या सुमारास व्यापारातून बाद झाली. पेशी विभाजन, प्रजनन आणि आनुवंशिकता हे पुस्तकातील निरनिराळे विषय आहेत. ते केळीच्या एका झाडाखाली एकत्र आले. हे प्रश्न ऐकत मुलीचे वडील बांधावर उभे होते. ते म्हणाले, "गुरुजी, हे आम्हांस तेव्हा असे का नाही विचारले?" आम्ही काय उत्तर देणार?

मक्याचेही असेच. कणसाच्या टोकाशी जे रेशमी केस लोंबतात त्यांतील प्रत्येक तंतू आतील एकेका दाण्याच्या जागेशी जोडलेला असतो. शेंड्याच्या तुऱ्यातील परागकण त्या तंतूवर पडला तर तो दाणा भरतो, न पडला तर ती जागा रिकामी राहते. विरळ भरलेले कणीस हातात देऊन परागणाचा प्रश्न विचारावा. मूल ते उत्तर जन्मभर विसरणार नाही.

आता जी गोष्ट सांगणार आहोत ती त्या कुटुंबाच्या संमतीने सांगत आहोत. ती मुलगी तीन बहिणींतील धाकटी. मुलगा नाही म्हणून तिच्या आईस घरात बरेच ऐकून घ्यावे लागले होते. आता, बाळाचे लिंग कशावर ठरते, हा प्रश्न दहावीच्या अभ्यासात आहेच. स्त्रीच्या अंडपेशीत नेहमी एक्स गुणसूत्र असते. पुरुषाच्या शुक्रपेशींत निम्म्यांत एक्स, निम्म्यांत वाय. एक्स मिळाला तर मुलगी, वाय मिळाला तर मुलगा. या सभागृहातील कित्येकांनी हे उत्तर परीक्षेत लिहून पुरे गुण मिळविले असतील. आणि तरीही, बंधुभगिनींनो, लागोपाठ मुली झाल्या तर आपण बोल कोणास लावतो? २०११ च्या जनगणनेत आपल्या जळगाव जिल्ह्यात सहा वर्षांपर्यंतच्या दर हजार मुलग्यांमागे मुली केवळ ८४२ होत्या. गर्भलिंगनिदानास आळा घालणारा कायदा १९९४ सालचा. उत्तर त्याआधीपासून पुस्तकात. वाचलेले ज्ञान परीक्षेच्या दारातच गळून पडते, याहून मोठा पुरावा कोणता हवा?

आम्ही मुलीस हा प्रश्न कृतीने सोडविण्यास सांगितला. तिने घरी एका वाटीत नुसते हरभरे घेतले, ही आई. दुसऱ्या वाटीत निम्मे हरभरे आणि निम्मे मूग एकत्र केले, हे वडील. डोळे मिटून दोन्ही वाट्यांतून एकेक दाणा उचलावयाचा, नोंद करावयाची, दाणे परत टाकावयाचे. दोन हरभरे आले तर मुलगी, हरभरा आणि मूग आले तर मुलगा. असे तिने ४० वेळा केले. २२ मुली आणि १८ मुलगे आले. मध्ये एकदा लागोपाठ पाच मुली आल्या. स्वयंपाकघरात आजी बसल्या होत्या. मुलीने त्यांस विचारले, "आजी, मूग कोणत्या वाटीत होते?"

आजीबाईंनी उत्तर दिले नाही. मुगाची वाटी हातात घेऊन त्या थोडा वेळ पाहत राहिल्या, एवढेच मुलीच्या आईने आम्हांस नंतर सांगितले. येथे एक गोष्ट स्पष्ट करतो की, वाटी वडिलांची म्हणून दोष वडिलांचा, असेही नव्हे. डोळे मिटून उचललेल्या दाण्यात कसला दोष? हेही त्या स्वाध्यायातच कळते.

परीक्षेचा निकाल सांगावयाचा राहिला. मुलीस विज्ञानात १०० पैकी ५८ गुण मिळाले. आज ज्यांचा गौरव होत आहे त्यांची यादी शेकडा ८५ पासून सुरू होते, त्यामुळे तिचे नाव या व्यासपीठावर कधी आले नाही. गुणवंतांचे कौतुक अवश्य व्हावे. त्यांत आमचाही आनंद आहे. परंतु ९ पासून निघालेल्यांकडे मंडळाने पाहू नये काय?

म्हणून मंडळापुढे आमची नम्र सूचना आहे. आम्ही निधी मागत नाही. समाजाचे हे सभागृह लग्नसराई सोडली तर रविवारी सकाळी रिकामे असते. तेथे दोन तास स्वाध्याय-वर्ग चालवावा. गाइडे दाराबाहेर ठेवावीत. जुन्या प्रश्नपत्रिका, पाट्या आणि खडू एवढे साहित्य पुरे. अकरावी-बारावीच्या मुलांनी दहावीच्या मुलांस प्रश्न विचारावेत. विचारणाऱ्याचीही उजळणी होते. आणि शाल-श्रीफळ देताना, एका वर्षात सर्वाधिक पुढे सरकलेल्या एका मुलास व एका मुलीसही बोलवावे.

माता-भगिनींस विशेष विनंती. आम्ही शिकलेलो नाही, आम्ही काय अभ्यास घेणार, असे आपण म्हणता. आपल्या जळगावजवळच्या आसोद्याच्या बहिणाबाई चौधरी निरक्षर होत्या, पण शेत, पाखरू आणि बी त्यांच्याइतके डोळसपणे कोणी पाहिले? आज विद्यापीठास त्यांचे नाव आहे. भाकरी थापताना मुलास म्हणावे, आज काय शिकलास ते पुस्तक मिटून मला सांग. तो सांगेल. मग म्हणावे, मला कळले नाही, पुन्हा सांग. या दोन वाक्यांना मॅट्रिक लागत नाही. ती आम्ही ३८ वर्षे वर्गात उच्चारली नाहीत, याची खंत आम्ही बाळगतो.

विद्यार्थी मित्रांनो, आपल्या यशाचे मनःपूर्वक अभिनंदन. घरी गेल्यावर आपले बक्षीस कपाटात ठेवा, पुस्तक झाका, आणि धाकट्या भावंडास एक प्रश्न विचारा. त्याला उत्तर येईपर्यंत आपण सांगू नका. आपणां सर्वांस उत्तम आयुरारोग्य व विद्या लाभो, अशी श्रीचरणी प्रार्थना करून आम्ही आमचे भाषण पुरे करतो.